पाण्यातला कुंभक
श्वास-प्रश्वासांच्या गतीचा विच्छेद म्हणजे प्राणायाम, असे पतंजलींनी सांगितले आहे. फ्रेंच पाणबुडे जाक मायोल यांनी योग आणि झेन यांच्या अभ्यासाच्या बळावर १९७६ मध्ये एल्बा बेटाजवळ एका श्वासात १०० मीटर खोली गाठली. कुंभक म्हणजे श्वास रोखून धरणे; पाण्यातल्या या साधनेला मात्र छातीएवढे पाणी आणि शेजारी एक जाणता सोबती पुरतो. सोबती नसेल तर पाण्यात कुंभक करूच नये, आणि हृदयविकार, अपस्मार किंवा उच्च रक्तदाब असल्यास आधी डॉक्टरांना विचारावे.

तलावाचा काठ धरून पाच मिनिटे पोटाने सावकाश श्वास घ्यावा. पूरकाहून (श्वास आत घेण्याहून) रेचक (श्वास बाहेर सोडणे) लांब असावा. भस्त्रिकेची, म्हणजे भात्यासारख्या जोरदार, भराभर श्वासोच्छ्वासाची सवय असलेल्यांना कळकळीने सांगतो, की पाण्यात उतरण्यापूर्वी ती करू नये. भराभर श्वास घेतल्याने रक्तातला प्राणवायू फारसा वाढत नाही, कार्बन डायऑक्साइड मात्र घटतो. श्वासाची ओढ मुख्यतः त्याच वायूमुळे लागत असल्याने ती उशिरा लागते, आणि माणूस काही कळण्याआधीच बेशुद्ध होतो.

मग एक भरपूर पण ताण न देणारा श्वास घेऊन चेहरा पाण्यात ठेवावा आणि अंग सैल सोडून तरंगावे. कपाळाला, डोळ्यांभोवती गार पाणी लागले की हृदयाचे ठोके मंदावू लागतात. नामस्मरण करणाऱ्यांनी मनात नाम घ्यावे. सेकंद मोजू नयेत, कारण मोजदाद सुरू झाली की मन आकड्याला चिकटते. काही वेळाने गिळावेसे वाटते, मग उचकी लागावी तसे पोट आतून हिसका देते. माझ्या मते साधना इथूनच सुरू होते. त्या हिसक्याशी न झगडता जबडा, खांदे, बोटे एकेक करून सैल करावीत, आणि मन शांत असतानाच, पहिल्या दोन-तीन हिसक्यांत, डोके वर काढावे.

सोबत्याने अधूनमधून खांद्यावर थाप द्यावी व साधकाने बोट उचलून उत्तर द्यावे. दुसऱ्या थापेलाही उत्तर आले नाही तर त्याला तत्काळ वर घ्यावे.

खोल बुडी प्रशिक्षकाकडूनच शिकावी. १० मीटरवर दाब पृष्ठभागाच्या दुप्पट असतो. वर येताना तो झपाट्याने उतरतो, त्याबरोबर फुप्फुसांतल्या प्राणवायूचा दाबही घसरतो आणि शेवटच्या काही मीटरांत शुद्ध हरपू शकते.

वर आल्यावर सगळा श्वास फुंकून टाकू नये. थोडा सोडून लगेच भरून घ्यावा, क्षणभर धरावा, असे तीनदा करावे. तोवर आणि त्यापुढेही अर्धा मिनिट सोबत्याने चेहऱ्यावरून नजर हलवू नये.