कुमारजींची जुनी कॅसेट मोठ्या पडद्यावर आणायची तर

कुमार गंधर्व मूळचे सुळेभावीचे, म्हणजे आमच्या बेळगाव जिल्ह्यातलेच. त्यांच्या गाण्यावर जीव टाकणारे इथं गल्लोगल्ली आहेत. दूरदर्शनवर त्यांची मैफल लागली की ज्यांच्याकडे व्हीसीआर होता ते कोरी कॅसेट घालून बसायचे. त्या कॅसेटी आता शहापूर, वडगाव, खानापूरहून माझ्याकडे येतात आणि पहिला प्रश्न ठरलेला: “फोर-के होईल काय?” म्हणजे आजच्या मोठ्या टीव्हीच्या बारीक ठिपक्यांचं चित्र. होईल की. पण आधीची कामं नीट झाली तरच.

कॅसेटचं झाकण उचलून फीत उजेडात बघा. खानापूरकडच्या पावसात कपाटात पडून राहिलेल्या कॅसेटला बुरशी धरतेच. कडेला पांढरी भुकटी दिसली तर साफ केल्याशिवाय ती व्हीसीआरमध्ये घालू नका, हेडला लागलेली बुरशी पुढच्या कॅसेटींनाही लागते. फीत चांगली असेल तर एकदा शेवटपर्यंत पुढे नेऊन परत मागे आणा, चिकटलेले वेढे सुटतात. व्हीसीआर जपून वापरा. जपानच्या फुनाई कंपनीने २०१६ साली उत्पादन थांबवल्यापासून नवा मिळत नाही.

कॅप्चर, म्हणजे फीत संगणकात उतरवणं, ७२० बाय ५७६ ठिपक्यांमध्येच करा, हफवाययूव्ही किंवा एफएफव्ही-१ या चित्रातलं काही न गमावणाऱ्या फाईल-प्रकारांमध्ये. तासाला साधारण तीस जीबी जागा जाईल, जाऊ दे. थेट एमपी-४ केलं तर दाबलेल्या चित्राचे चौकोनही पुढे मोठे होतात.

आपल्याकडच्या टीव्हीची प्रत्येक फ्रेम दोन अर्ध्या चित्रांची असते, एकात विषम ओळी, दुसऱ्यात सम. ती आधी सोडवा, म्हणजे डीइंटरलेस करा, आणि सेकंदाला ५० फ्रेम ठेवा. २५ वर आणलंत तर तबलजीच्या बोटांची निम्मी हालचाल गेली.

आता आवाज. सगळ्यात जास्त वेळ इथं द्या. खरखर काढणारा प्रोग्रॅम एकसारखा चालणारा आवाज ओळखतो आणि तो सगळीकडून वजा करतो. तानपुराही एकसारखाच चालतो! प्रोग्रॅमचा जोर फार वाढवला की जवारी, म्हणजे तारांची ती झणकार, गेली आणि गाणं कोरडं पडलं. क्षयाने एक फुप्फुस निकामी झाल्यावर कुमारजींनी लहान लहान श्वासांत गाणं मांडलं. दोन जागांच्या मधला तो श्वास, ती शांतता हा गाण्याचाच भाग आहे, तिथली खरखर पुसताना श्वासही पुसला जातो. म्हणून खरखरीचा नमुना तानपुरे सुरू व्हायच्या आधीचा घ्या, चार-पाच डेसिबलपेक्षा जास्त कमी करू नका आणि हेडफोन लावून षड्ज ऐका. नमुना मिळत नसेल तर विजेची ५० हर्ट्झची घरघर तेवढी काढा, बाकी राहू दे.

मग अपस्केल, म्हणजे संगणकाने चित्र मोठं करणं. चित्र ४:३ चंच ठेवा, १४४० बाय १०८०. पडदा भरावा म्हणून ताणलं तर गवई जाडा दिसतो. या आकारात ठिपके पावणेचारपट होतात, म्हणजे चारांतले जवळजवळ तीन संगणकाने अंदाजाने भरलेले. फोर-केमध्ये तर विचारूच नका. म्हणून पूर्ण मैफल लावायच्या आधी वीस सेकंदांचा तुकडा करून बघा. तुकडा असा निवडा, ज्यात तानपुऱ्याच्या तारा आणि मागे बसलेली माणसं दोन्ही आहेत. तारा वायरीसारख्या जाड झाल्या तर जोर कमी करा. चेहरे सुधारण्याची सोय बंदच ठेवा. मागच्या ओळीतल्या माणसाचा चेहरा फितीत नव्हताच, त्याला संगणक कुणाचे तरी डोळे आणि दात बसवतो. कुमारजींच्या चेहऱ्याला तर तो हात लावता कामा नये. थोडा धूसर राहिला तरी तो त्यांचा आहे.

अपस्केल केलेल्या फाईलच्या नावात तसं लिहून ठेवा. पहिलं कॅप्चर दोन वेगळ्या डिस्कवर, त्यातली एक दुसऱ्याच्या घरी. कॅसेट मागे आणून उभी ठेवा, डब्यात सिलिका जेलची पुडी टाका आणि ती दरवर्षी मिरगाच्या आधी बदला.