गावाचा आणि विद्यापीठाचा इतिहास आवाजात जपताना

यशवंतराव चव्हाण महाराष्ट्र मुक्त विद्यापीठाची स्थापना १९८९ मध्ये नाशिकला झाली. तेव्हा तिशीत असलेले लिपिक, वाहनचालक आणि अभ्यासकेंद्रांचे संयोजक आता पासष्टीच्या पुढे गेले आहेत. अधिनियम, परिपत्रके आणि वार्षिक अहवाल कपाटात सुरक्षित असतात. परंतु पहिल्या वर्षीचे पुस्तकांचे गठ्ठे तालुक्याच्या गावी कोणी उतरवून घेतले आणि शाळा सुटल्यावर रिकाम्या वर्गात संपर्कसत्र, म्हणजे दूरशिक्षणातला समोरासमोरचा तास, कसे भरवले, हे सांगणारा कागद बहुधा कोठेही नसतो. नाशिकचे एच.पी.टी. महाविद्यालय १९२४ चे, तर पुणे विद्यापीठ १९४९ चे. मुंबई विद्यापीठाच्या परीक्षा देत असतानाच पुण्याकडे वर्ग झालेली जी पिढी होती, तिच्यातील जे कोणी हयात असतील त्यांनी आज नव्वदी ओलांडलेली असणार. म्हणून अशा आठवणी ध्वनिमुद्रित करण्यासाठी मुलाखतींची यादी करताना पदाने मोठी व्यक्ती मागे ठेवावी आणि वयाने मोठी व्यक्ती आधी घ्यावी. कुलगुरूंची भाषणे छापली जातात. बांधणी विभागातील कामगाराचे बोलणे कोणी छापत नाही.

मुलाखतीपूर्वी निदान आठवडाभर कागद वाचावेत. महाविद्यालयाचे वार्षिकांक, संस्थेच्या स्मरणिका, गौरवग्रंथ आणि जुन्या वर्तमानपत्रांची कात्रणे पाहून त्या व्यक्तीच्या सेवाकाळातील ठळक घटनांची एक पानभर टाचणे काढावीत. पहिली भेट मात्र यंत्राशिवाय घ्यावी. चहा होतो, ओळखी निघतात, कपाटातील अल्बम बाहेर येतो आणि कोणत्या विषयावर आजींचा चेहरा खुलतो व कोणत्या विषयावर त्या गप्प होतात, हे लक्षात येते. त्या भेटीत मोठे किस्से सुरू झाले तर ‘हे पुढच्या वेळी नीट ऐकायचे आहे, काका’ असे सांगून अदबीने थांबवावे, कारण तोच प्रसंग दुसऱ्यांदा सांगताना तपशील गळतात.

प्रश्न कसा विचारावा, यावर सारे अवलंबून असते. ‘१९६९ च्या पुराबद्दल सांगा’ असे म्हटले की वर्तमानपत्रात वाचलेलेच उत्तर परत येते. नाशिककर गोदावरीचा पूर नदीपात्रातील दुतोंड्या मारुतीच्या मूर्तीवरून मोजतो; पाणी गुडघ्याला लागले, कमरेला लागले की डोक्यावरून गेले, हीच येथील मोजपट्टी आहे. म्हणून प्रश्नही त्याच मापाने विचारावा : तुम्ही पाहिले तेव्हा पाणी मारुतीच्या कुठपर्यंत होते? तुम्ही कोठे उभे होता? सराफ बाजारातील दुकानाचा माल कोणी, कोणत्या माळ्यावर चढवला? पाणी ओसरल्यावर घरात चिखलाचा वास किती दिवस राहिला? असे विचारल्यावर बोलणारा क्षणभर डोळे मिटतो, हाताने भिंतीवर उंची दाखवतो आणि मग खरी आठवण सुरू होते. ध्वनिमुद्रणात हात दिसत नाही, त्यामुळे ‘म्हणजे साधारण खिडकीच्या चौकटीइतके का?’ असे विचारून ती उंची शब्दांत आणावी. विद्यापीठाबाबतही हाच मार्ग उपयोगी पडतो. ‘ज्ञानगंगा घरोघरी’ हे मुक्त विद्यापीठाचे ब्रीद आहे. तेव्हा घरोघरी म्हणजे नेमके कोणाच्या घरी, हाच प्रश्न विचारावा. पहिल्या तुकडीत कोण बसले होते, कोणाचे शिक्षण कोणत्या कारणाने सुटले होते, पदवीचा कागद हाती आल्यावर घरात काय झाले, हे एकेक करून विचारावे.

प्रश्न विचारून झाल्यावर गप्प राहावे. चार-पाच सेकंदांची शांतता नवख्या मुलाखतकाराला असह्य होते आणि तो पुढचा प्रश्न टाकतो. वास्तविक त्या शांततेनंतरचे वाक्यच अनेकदा सर्वांत मोलाचे असते.

पाहिलेले आणि ऐकलेले यांतील फरक जागच्या जागी नोंदवणे हे या कामातील सर्वांत मोठे पथ्य आहे. काळाराम मंदिराचा सत्याग्रह २ मार्च १९३० रोजी सुरू झाला. आज त्याविषयी बोलणारी व्यक्ती बहुतेक वेळा आजोबांकडून किंवा वडिलांकडून ऐकलेले सांगत असते. ती साक्ष कमी दर्जाची मुळीच नाही, कारण एका घराने ती आठवण कशी जपली याचा तो पुरावा आहे. मात्र ‘हे तुम्हाला कोणी आणि केव्हा सांगितले?’ हा प्रश्न ध्वनिमुद्रणातच आला पाहिजे. तसेच १९६९ आणि २००८ चे पूर एकमेकांत मिसळले तर बोलणाऱ्याला टोकू नये. खरी तारीख टाचणात लिहावी, बोलणे जसेच्या तसे ठेवावे.

यंत्राबद्दल थोडक्यात. आतली खोली निवडावी, पंखा आणि फ्रिज बंद करावेत, फोन विमान मोडवर ठेवावा. कॉलर माइक हनुवटीखाली वीतभर अंतरावर लावावा. मुद्रण वेव्ह स्वरूपात, ४८ किलोहर्ट्झ आणि २४ बिटवर करावे. एका माइकचे तासाचे मुद्रण साधारण अर्धा जीबी होते. माझ्या पहिल्याच मुलाखतीत मी पंखा चालू ठेवला. निवृत्त प्राध्यापकांचा आधीच क्षीण असलेला आवाज त्या घरघरीत बुडाला, आणि पुन्हा वेळ मागेपर्यंत ते बोलण्याच्या स्थितीत राहिले नव्हते. तेव्हापासून पहिली दोन मिनिटे मुद्रित करून, कानाला हेडफोन लावून ऐकल्याशिवाय मी पुढे जात नाही. एक बैठक दीड तासापेक्षा लांबवू नये.

संमतिपत्र सोप्या मराठीत असावे आणि ते मोठ्याने वाचून दाखवावे. मुद्रण जतन करणे, संशोधकांना ऐकू देणे आणि इंटरनेटवर ठेवणे या तिन्हींसाठी वेगवेगळी संमती घ्यावी, कारण अनेकांना पहिल्या दोन मान्य असतात आणि तिसरी नसते. सहकाऱ्यांबद्दलचा एखादा भाग काही वर्षे बंद ठेवायचा असेल, तर तेही लिहून घ्यावे आणि पाळावे.

घरी आल्यावर त्याच रात्री तीन प्रती कराव्यात : दोन वेगवेगळ्या हार्डडिस्कवर आणि एक दुसऱ्या ठिकाणी. फाइलच्या नावात तारीख, गाव आणि क्रमांक असावा. एका तासाचे मुद्रण लिहून काढायला पाच-सहा तास सहज लागतात. तेवढे बळ नसेल तर दर पाच मिनिटांना काय बोलले गेले याची विषयसूची तरी करावीच. बागलाणच्या बोलण्यातील अहिराणी किंवा सुरगाण्याकडील कोकणी बोली लिहिताना तिला प्रमाण मराठीचे कपडे चढवू नयेत. शब्द उच्चारले तसे लिहावेत आणि अर्थ शेजारी द्यावा.

शेवटी मुद्रणाची एक प्रत पेनड्राइव्हवर घेऊन त्या घरी पुन्हा जावे आणि सर्वांसोबत बसून ऐकावी. ऐकता ऐकता काकू मध्येच म्हणतात, ‘अहो, तसे नव्हते, तेव्हा आपण भद्रकालीत राहत होतो.’ त्यासाठी मुद्रणयंत्र पिशवीत असू द्यावे आणि ही दुरुस्ती, परवानगी घेऊन, वेगळ्या फाइलमध्ये मुद्रित करावी.