रेशनकार्ड आहे, पण धान्य मिळत नाही? या चुका टाळा

तहसील कार्यालयाच्या पुरवठा शाखेत रोज येणाऱ्या तक्रारींत एक वाक्य हमखास असतं: "आमचं केशरी कार्ड आहे, तरी दुकानदार धान्य देत नाही." बहुतेक वेळा यात दुकानदाराचा दोष नसतो. कार्ड मिळणं ही एक गोष्ट आणि त्या कार्डाचा राष्ट्रीय अन्न सुरक्षा योजनेत समावेश होणं ही दुसरी, हे अर्जदाराला कुणी सांगितलेलंच नसतं. कार्ड हातात पडलं की काम झालं असं समजून माणूस घरी जातो आणि वर्षभर हक्काचं धान्य बुडतं.

राष्ट्रीय अन्न सुरक्षा कायदा २०१३ सालचा. महाराष्ट्रात तो १ फेब्रुवारी २०१४ पासून लागू झाला. त्याखाली लाभार्थ्यांचे दोनच गट आहेत. अंत्योदय गटात कार्डामागे महिन्याला ३५ किलो धान्य मिळतं, मग घरात माणसं कितीही असोत. प्राधान्य कुटुंब गटात माणशी ५ किलो. जानेवारी २०२३ पासून दोन्ही गटांना हे धान्य मोफत आहे. गहू किती आणि तांदूळ किती हे प्रमाण सरकार बदलत असतं, त्यामुळे शेजारच्या जिल्ह्यात वेगळं प्रमाण दिसलं म्हणून घोटाळा समजू नका. एकूण किलो बरोबर आहेत का, ते बघा.

रंग पाहून गट ठरवणं

सगळ्यात महागात पडणारी चूक हीच. केशरी कार्ड वार्षिक उत्पन्न १५ हजारांच्या वर आणि १ लाखापर्यंत असलेल्या कुटुंबाला मिळतं. प्राधान्य कुटुंबासाठी मात्र योजना सुरू झाली तेव्हा ठरलेली मर्यादा वेगळी आहे: ग्रामीण भागात वार्षिक ४४ हजार, शहरी भागात ५९ हजार. म्हणजे गावात ७० हजार उत्पन्न असलेल्या घराला केशरी कार्ड नियमाने मिळेल, पण प्राधान्य गटात ते बसणार नाही. १ लाखाच्या वरच्यांचं शुभ्र कार्ड तर या योजनेत येतच नाही.

उत्पन्न मर्यादेत असूनही धान्य सुरू होत नाही, याचं कारण इष्टांक, म्हणजे लाभार्थ्यांची ठरवून दिलेली कमाल संख्या. कायद्याने महाराष्ट्राला सुमारे ७ कोटी लाभार्थ्यांची मर्यादा घालून दिली आहे: ग्रामीण लोकसंख्येच्या ७६.३२ टक्के आणि शहरी लोकसंख्येच्या ४५.३४ टक्के. ही संख्या जिल्हा आणि तालुक्यांना वाटून दिलेली असते. कुणी मयत झालं, कुणी अपात्र ठरलं, कुणी स्वतःहून योजनेतून बाहेर पडलं, की जागा रिकामी होते आणि नवीन नाव घेता येतं.

म्हणून नवीन कार्ड घेताना त्याच दिवशी "अन्न सुरक्षा योजनेत समावेश करण्याबाबत" असा वेगळा अर्ज पुरवठा शाखेत द्या. सोबत कार्डाची प्रत, सर्वांच्या आधारच्या प्रती, तहसीलदारांचा उत्पन्नाचा दाखला आणि हमीपत्र जोडा. अर्जाच्या दुसऱ्या प्रतीवर आवक क्रमांक, तारीख आणि शिक्का घेतल्याशिवाय खिडकी सोडू नका. जागा रिकामी झाल्यावर तुमचा अर्ज आधीपासून होता हे दाखवायला तोच कागद लागतो. तोंडी विनंतीची नोंद कुठेच राहत नाही.

घरातल्या एकाचंच उत्पन्न लिहिणं

उत्पन्न कुटुंबाचं धरलं जातं, कुटुंबप्रमुखाचं नव्हे. कार्डावर ज्यांची नावं आहेत त्या सगळ्यांची कमाई एकत्र येते. वडिलांची मजुरी लिहिली आणि कंपनीत लागलेल्या मुलाचा पगार सोडला, तर हमीपत्र खोटं ठरतं.

अलीकडे यात एक नवी गुंतागुंत आली आहे. ट्रॅक्टर किंवा मोटारसायकलच्या कर्जासाठी एजंट तरुणांना आयकर विवरणपत्र भरायला लावतात आणि कर्ज पास व्हावं म्हणून त्यात उत्पन्न फुगवून दाखवतात. कर शून्य येतो, म्हणून कुणाला काही वाटत नाही. पण २०२५ मध्ये केंद्राने शिधापत्रिकांची माहिती आयकर, वाहन नोंदणी आणि कंपनी नोंदणीच्या माहितीशी ताडून पाहिली आणि संशयित नावांच्या याद्या राज्यांकडे पाठवल्या. अशा यादीत नाव आलं की प्रत्यक्ष तपासणी होते. नोटीस आली तर घाबरून गप्प बसू नका. दिलेल्या मुदतीत लेखी उत्तर द्या आणि चालू वर्षाचा उत्पन्नाचा दाखला जोडा. उत्तरच आलं नाही तर अधिकारी उपलब्ध माहितीवर निर्णय घेतो.

वाहनाबाबतही गैरसमज आहे. केशरी कार्डाच्या निकषात चारचाकी नसावी अशी अट आहे, पण टॅक्सीचालकाला त्यातून सूट आहे. तसंच सर्व सदस्यांची मिळून चार हेक्टर किंवा जास्त बारमाही बागायती जमीन नसावी. जिरायत चार हेक्टर असेल तर ही अट लागत नाही, त्यामुळे सातबारा जोडताना पिकाच्या नोंदी आणि सिंचनाचा रकाना नीट बघा.

लग्नानंतर नाव आधी सासरी घालणं

आधार क्रमांक एका वेळी एकाच कार्डावर राहू शकतो. मुलीचं नाव माहेरच्या कार्डावर चालू असताना सासरी नाव वाढवण्याचा अर्ज केला, तर ऑनलाइन प्रणाली तो क्रमांक स्वीकारत नाही. अर्ज पडून राहतो आणि घरच्यांना वाटतं कार्यालय अडवतंय.

क्रम असा ठेवा. आधी माहेरच्या कार्यालयात नाव कमी करण्याचा अर्ज, नमुना ९. तो मंजूर झाला की नाव कमी केल्याचा दाखला घ्या, आणि नाव ऑनलाइनही निघालं आहे का याची तिथेच खात्री करा. नुसत्या कागदी कार्डावर लाल रेघ मारून काम होत नाही. मग सासरच्या कार्यालयात नाव वाढवण्याचा नमुना ८, सोबत तो दाखला, विवाह नोंदणी प्रमाणपत्र आणि आधार. आधारवरचं नाव बदलायचं असेल तर ते या सगळ्याच्या आधी उरका, म्हणजे कार्डावर आणि आधारवर एकच नाव राहील. बाळाचं नाव घालताना नमुना ८ च, पण जन्म दाखला लागतो. नाव किंवा पत्ता दुरुस्तीला नमुना १४, हरवलेल्या किंवा फाटलेल्या कार्डाला नमुना १५.

मयत व्यक्तीचं नाव महिनोन्महिने तसंच ठेवणं ही याचीच दुसरी बाजू. दुःखाच्या दिवसांत हे सुचत नाही, ते समजण्यासारखं आहे. पण त्या नावावर उचललेलं धान्य नंतर तपासणीत निघालं तर संपूर्ण कार्डावर संशय येतो. मृत्यू दाखला मिळाला की नमुना ९ देऊन टाका.

कुटुंबप्रमुख बदलतानाही एक गोष्ट लक्षात ठेवा. कायद्यानुसार १८ वर्षांवरील सर्वांत ज्येष्ठ महिला ही कुटुंबप्रमुख धरली जाते. वडील गेले म्हणून मोठ्या मुलाचं नाव वर घातलं, तर अर्ज परत येतो. आई हयात असेल तर आईचंच नाव द्या.

ई-केवायसी एकाने केली म्हणून सगळ्यांची झाली असं समजणं

ई-केवायसी, म्हणजे आधारवरून होणारी ओळख पडताळणी, प्रत्येक सदस्याची वेगळी असते. रेशन दुकानातल्या ई-पॉस (अंगठा घेऊन धान्याची नोंद करणाऱ्या) मशीनवर कार्डाचा बारा अंकी क्रमांक टाकला की घरातली सगळी नावं येतात. ज्याची पडताळणी करायची ते नाव निवडून त्याच माणसाचा अंगठा घ्यावा लागतो. दर महिन्याला अंगठा देऊन धान्य आणणाऱ्या आजींची पडताळणी झालेली असते, पण पुण्याला शिकणारा नातू राहून जातो. पाच माणसांच्या घराला २५ किलो मिळत होतं ते अचानक २० वर येतं, ते बहुधा अशाच एका नावामुळे.

हे काम दुकानात मोफत होतं, त्यासाठी कुणालाही पैसे देऊ नका. बाहेरगावी असलेल्या सदस्याला गावी यायची गरज नाही. राज्यातल्या कोणत्याही रेशन दुकानात त्याची पडताळणी करता येते. मोबाईलवर 'मेरा ई-केवायसी' आणि 'आधार फेस आरडी' ही दोन्ही ॲप घेतली तर चेहरा दाखवूनही होतं. दुसरं ॲप घेतलेलंच नसेल तर पहिलं पुढे सरकत नाही, आणि इथेच बरेच जण अडकतात. ओटीपी आधारला जोडलेल्या मोबाईलवर येतो, म्हणून नंबर बंद असेल तर आधी आधार केंद्रात जाऊन नवा जोडा.

पाच वर्षांखालच्या मुलांचे ठसे घेतलेले नसतात, त्यामुळे त्यांना सूट आहे. पण मूल पाच वर्षांचं झालं की त्याच्या आधारचे ठसे नोंदवावे लागतात आणि त्यानंतर ई-केवायसी करावी लागते. ५ ते ७ आणि पुन्हा १५ ते १७ या वयात आधारचे ठसे मोफत अद्ययावत होतात. शाळेत घातलेल्या मुलाचं नाव अचानक बंद पडलं तर आधी हेच तपासा.

अंगठा लागत नाही ही तक्रार ऊस, वीटभट्टी, बांधकाम अशा कामांवरच्या लोकांत फार आहे. हातावरच्या रेघाच झिजलेल्या असतात. हात साबणाने धुऊन कोरडे करा, दुसरी बोटं लावून बघा. तरीही नाही लागलं तर बुबुळाचा किंवा ओटीपीचा पर्याय मागा. अंथरुणाला खिळलेल्या किंवा एकट्या वृद्धांसाठी प्रतिनिधी नेमता येतो, त्याचा अर्ज पुरवठा शाखेत द्यायचा. ठसा लागत नाही म्हणून धान्य नाकारणं चुकीचं आहे. तसं झालं तर तारीख, दुकान क्रमांक आणि वेळ लिहून ठेवा.

अंत्योदय मागायला संकोच करणं

विधवा, अपंग, दुर्धर आजारी किंवा ६० वर्षांवरील व्यक्ती कुटुंबप्रमुख आहे आणि उदरनिर्वाहाचं खात्रीचं साधन नाही, भूमिहीन शेतमजूर, ग्रामीण कारागीर, तसेच कातकरी, कोलाम, माडिया गोंड ही आदिम जमातींची कुटुंबं अंत्योदयसाठी पात्र धरली जातात. दोन माणसांच्या घराला प्राधान्य गटात १० किलो मिळतं, अंत्योदयात ३५. शिवाय महिन्याला एक किलो साखर २० रुपयांनी. एकट्या विधवेसाठी हा फरक पोटभर जेवण आणि उसनवारी यांच्यातला आहे. सात माणसांच्या घराला दोन्ही गटांत ३५ किलोच पडतात. आठवं माणूस आलं की उलट प्राधान्य गट फायद्याचा ठरतो, म्हणून मोठ्या कुटुंबाने गट बदलण्याआधी हिशोब करावा.

भावाभावांत कार्ड विभक्त करतानाही हीच काळजी घ्या. नवं विभक्त कार्ड आपोआप जुन्या गटात येईलच असं नाही. अर्ज देण्यापूर्वी "नवं कार्ड कोणत्या गटात निघेल?" हे विचारा, आणि समावेशाचा अर्ज सोबत जोडा.

कामाला बाहेर गेल्यावर धान्य सोडून देणं

बीड, धाराशिव, अहिल्यानगरमधली ऊसतोड कुटुंबं दिवाळीच्या सुमारास निघतात ती उन्हाळ्यातच परततात. 'एक देश, एक रेशनकार्ड' खाली कोल्हापुरात किंवा कर्नाटकातही त्यांचं धान्य त्यांना उचलता येतं. कार्ड सोबत नसलं तरी बारा अंकी क्रमांक किंवा आधार पुरतो. गावी राहिलेल्या म्हाताऱ्यांसाठी थोडं धान्य गावात आणि बाकीचं कामाच्या ठिकाणी, असंही घेता येतं. फक्त राज्य सरकारच्या स्वतःच्या योजनांतल्या वस्तू परराज्यात मिळत नाहीत.

आता धान्य न उचलणं जास्तच महाग पडेल. जुलै २०२५ मध्ये बदललेल्या केंद्राच्या नियंत्रण आदेशानुसार सलग सहा महिने धान्य उचललं नाही तर कार्ड तात्पुरतं निष्क्रिय होतं आणि पुढच्या तीन महिन्यांत घरभेट व ई-केवायसी करून पात्रता तपासली जाते. हंगाम साधारण तेवढ्याच महिन्यांचा असतो. मध्ये एकदा तरी कामाच्या ठिकाणी धान्य उचला.

शेतकऱ्यांचे थेट पैसे विसरणं

छत्रपती संभाजीनगर आणि अमरावती विभागातले सगळे जिल्हे व वर्धा, अशा १४ जिल्ह्यांतल्या केशरी कार्डधारक शेतकऱ्यांना धान्याऐवजी पैसे मिळतात. २०२३ मध्ये माणशी महिना १५० रुपये होते, २०२४ मध्ये ते १७० झाले. पैसे महिला कुटुंबप्रमुखाच्या आधार जोडलेल्या खात्यात येतात. खातं नवऱ्याचं दिलं, किंवा आधार दुसऱ्याच बँकेला जोडलेलं असलं, की हप्ता अडकतो. बँकेत "आधार सीडिंग (आधारची जोडणी) कोणत्या खात्याला आहे?" असं विचारून खात्री करा.

पावती न घेणं आणि तोंडी तक्रार करणं

ई-पॉस मशीनमधून पावती निघते. तिच्यावर कार्ड क्रमांक, वस्तू, वजन आणि रक्कम छापलेली असते. दुकानदार "कागद संपलाय" म्हणाला तरी मागा. पावतीवर २५ किलो आणि पिशवीत २३ असतील तर तुमच्याकडे पुरावा तोच. माल दुकानातच काट्यावर ठेवून बघा, घरी गेल्यावर सांगून उपयोग होत नाही.

तक्रारीसाठी १९६७ हा हेल्पलाइन क्रमांक आहे, दुसऱ्या राज्यात किंवा दुसऱ्या गावी धान्य घेताना अडचण आली तर १४४४५. फोनवर मिळालेला तक्रार क्रमांक लिहून घ्या. त्यानंतर लेखी अर्ज: गावात तहसीलच्या पुरवठा शाखेकडे, मुंबई-ठाण्यात शिधावाटप कार्यालयाकडे, इतर मोठ्या शहरांत परिमंडळ कार्यालयाकडे, वर जिल्हा पुरवठा अधिकाऱ्याकडे. रेशनकार्डाच्या सेवा महाराष्ट्र लोकसेवा हक्क अधिनियम २०१५ खाली अधिसूचित आहेत, त्यामुळे मुदतीत निर्णय झाला नाही किंवा अर्ज फेटाळला तर प्रथम अपील, मग द्वितीय अपील करता येतं. फेटाळल्याचं कारण लेखी मागा. अपिलात त्याच कारणाला उत्तर द्यायचं असतं.

अर्ज करून देणाऱ्या मध्यस्थाला कागद सोपवताना त्याचा मोबाईल नंबर तुमच्या अर्जात जाऊ देऊ नका. एकदा त्याचा नंबर नोंदला गेला की पुढचे सगळे ओटीपी आणि संदेश त्याच्याकडे जातात, आणि तुमच्या कार्डावर काय चाललंय हे तुम्हाला त्यालाच विचारावं लागतं.