दंतकथेचा अर्थ कसा लावावा : खानदेशातील उदाहरणांसह

गावातल्या एखाद्या आख्यायिकेचा अभ्यास करायला बसलेला नवा अभ्यासक बहुधा पहिला प्रश्न विचारतो, की हे खरोखर घडले होते का. हा प्रश्न गैर नाही, पण त्याची जागा शेवटी आहे. त्याआधी ही गोष्ट कोण सांगते, कोणाला सांगते, कोणत्या प्रसंगी सांगते आणि तिचा सर्वांत जुना पुरावा केव्हाचा आहे, एवढे तरी हाती आले पाहिजे. नाहीतर आपण गोष्टीला होकार किंवा नकार देतो आणि तिचा अर्थ मात्र तिथेच राहून जातो.

सुरुवात टिपून घेण्यापासून करावी, आणि सांगणाऱ्याच्या बोलीतच टिपावे. हे मी स्वतःच्या चुकीतून शिकलो. साक्री तालुक्यातील एका आजीबाईंनी मला अश्वत्थाम्याची गोष्ट सांगितली होती. कपाळावरचा मणी काढून घेतल्यामुळे तो भळभळती जखम घेऊन सातपुड्यात फिरतो आणि वाटसरूंकडे जखमेवर घालायला तेल मागतो, अशी ती गोष्ट. मी वहीत प्रमाण मराठीत लिहिले, "तो तेल मागत असे." पुढे ध्वनिमुद्रण पुन्हा ऐकले तेव्हा लक्षात आले, की आजीबाई म्हणाल्या होत्या, "आजूनबी तेल मांगस तो." म्हणजे तो आजही मागतो. माझ्या एका क्रियापदाने त्यांची श्रद्धा भूतकाळात ढकलली होती. त्याच आजीबाई नातवंडांना राजाराणीची गोष्ट सांगताना मात्र "एक राजा व्हता" असेच म्हणत.

हा काळाचा फरक व्याकरणापुरता नाही. लोकसाहित्याचे अभ्यासक विल्यम बॅस्कम यांनी १९६५ मध्ये मौखिक गद्यकथांचे तीन प्रकार वेगळे केले, ते मुख्यतः याच आधारावर. पुराकथा म्हणजे मिथक हे सृष्टीच्या आरंभीच्या काळातले, सत्य आणि पवित्र मानलेले. दंतकथा आपल्या ओळखीच्या जगातली, जवळच्या काळातली आणि तीही सत्य मानलेली. आणि लोककथा केवळ कथा म्हणून सांगितलेली. ही विभागणी सर्वत्र चपखल बसत नाही. अश्वत्थामा महाभारतातला आहे आणि आजच्या रानवाटेवरचाही आहे, त्यामुळे तो एका खणात मावत नाही. तरीही सांगणारा गोष्टीला कोणत्या काळात ठेवतो, हे तपासण्यासाठी ती फार उपयोगी पडते.

यानंतर पाठभेद, म्हणजे एकाच गोष्टीची वेगवेगळी रूपे, गोळा करावेत. महाभारताच्या सौप्तिक पर्वात कृष्ण अश्वत्थाम्याला तीन हजार वर्षे एकाकी भटकण्याचा शाप देतो, पण तिथे तेल मागण्याचा उल्लेख नाही. नंदुरबार जिल्ह्यातल्या अस्तंबा शिखरावर दिवाळीच्या सुमारास यात्रा भरते आणि आदिवासी भाविक मोठ्या श्रद्धेने डोंगर चढतात. बऱ्हाणपूरजवळच्या असीरगडावर मात्र हाच अश्वत्थामा पहाटे शिवमंदिरात पूजा करून जातो असे सांगतात. ग्रंथात काय आहे, अस्तंब्याला काय आहे, असीरगडाला काय आहे, हे शेजारी शेजारी मांडावे. जे सगळीकडे सारखे आहे ते कथेचा सांगाडा असण्याचा संभव अधिक. जे एकाच ठिकाणी आहे ते त्या ठिकाणाचे दान. डोंगराचे मूळ स्थानिक दैवत पुढे महाभारतातल्या पात्राशी जोडले गेले असावे, असा तर्क इथे सुचतो. पण अस्तंबा आणि अश्वत्थामा यांच्या नुसत्या नामसाम्यावर तो सिद्ध होत नाही. पूजेचा विधी, पुजारी कोण आणि गाणी कोणत्या भाषेत आहेत, हे पाहिल्याशिवाय तो लिहू नये.

कथेचा सर्वांत जुना दाखला शोधण्याचे महत्त्व किती आहे, हे चाळीसगावजवळच्या पाटणइतके क्वचितच कुठे उमगते. गणिती भास्कराचार्यांची कन्या लीलावती, तिच्या लग्नाची घटिका मोजण्यासाठी पाण्यावर सोडलेले तळाला छिद्र असलेले घटिकापात्र, वाकून पाहताना तिच्या अंगावरून निसटलेला मोती, त्याने बुजलेले छिद्र आणि टळून गेलेला मुहूर्त, ही कथा आपल्याकडे लहानपणापासून ऐकवली जाते. भास्कराचार्यांचा 'लीलावती' हा गणिताचा ग्रंथ इ.स. ११५० च्या सुमाराचा. ही कथा मात्र आढळते ती अकबराच्या दरबारातील फैजीने १५८७ मध्ये केलेल्या फारसी भाषांतराच्या प्रस्तावनेत. मध्ये चार शतकांहून अधिक काळ गेला. पाटणच्या शके ११२८ च्या, म्हणजे इसवी सनाच्या तेराव्या शतकाच्या सुरुवातीच्या, शिलालेखात भास्कराचार्यांचा पुत्र लक्ष्मीधर आणि नातू चांगदेव यांची नावे आहेत, लीलावतीचे नाव नाही.

एवढ्यावरून कथा खोटी ठरवून मोकळे होणे हा आळस आहे. ग्रंथ उघडावा. त्यात उदाहरणे घालताना "अये बाले लीलावति" अशी साद आहे, आणि इतरत्र "सखे" अशीही आहे. ही साद कोणाला, हा प्रश्न वाचकांना पडला असणार आणि कथा त्याचे उत्तर म्हणून वाढली असणे शक्य आहे, असे मला वाटते. मग कथेत काय बदलले तेही पाहावे. फैजीच्या कथनात कन्येच्या पत्रिकेत अविवाहित आणि निपुत्रिक राहण्याचा योग होता. आपल्याकडे सांगितल्या जाणाऱ्या कथेत ती पुष्कळदा विधवा होते. विधवेच्या दुःखाने होरपळलेल्या समाजाने आपली वेदना या मुलीच्या पदरात घातली असावी. हा माझा अर्थ आहे, पुरावा नव्हे, आणि लेखनात हे दोन्ही वेगळे दिसलेच पाहिजेत.

पुढची पायरी कथाबीजाची, म्हणजे अनेक कथांत पुन्हा पुन्हा येणाऱ्या लहानशा घटकाची. फरिश्ता या फारसी इतिहासकाराच्या ग्रंथात असीरगडाची हकिकत आहे : खानदेशचा सुलतान नासिरखान फारूकी याने गडाचा धनी आसा अहीर याच्याकडे घरच्या स्त्रियांसाठी आसरा मागितला, डोल्यांतून सशस्त्र सैनिक आत पाठवले आणि गड घेतला. शेरशहाने १५३८ मध्ये बिहारमधला रोहतासगड घेतल्याची हकिकतही अशीच सांगतात. अँटी आर्ने यांनी १९१० मध्ये कथाप्रकारांची सूची केली आणि स्टिथ थॉम्प्सन यांनी ती वाढवून कथाबीजांचीही मोठी सूची रचली, ती अशी फिरती बीजे ओळखता यावीत म्हणून. बीज फिरते आहे म्हणजे घटना घडलीच नाही असे नाही, कारण युक्तीही उचलली जाते. पण अजिंक्य गड पडला तो विश्वासघातानेच, हे सांगण्याची गरज कोणाला होती, हा प्रश्न मात्र विचारावाच लागतो.

स्थलनामांच्या कथांबाबत फार वेळ घालवू नये. खानदेश हा कान्हाचा देश, यादवांचा सेउणदेश की फारूकी खानांचा देश, यावर वाद आहेत. प्रत्येक व्युत्पत्ती कोणाला आपलीशी वाटते एवढे नोंदवले तरी पुष्कळ मिळते.

विधीशी बांधलेली गोष्ट विधीतच ऐकावी. श्रावणात नागपंचमीनंतरच्या रविवारी कानबाई ही खानदेशातली देवी घरोघरी बसते तेव्हा गाणी, नैवेद्याचे रोट आणि दुसऱ्या दिवशीचे विसर्जन यांतून कथा उलगडते. मानवशास्त्रज्ञ मॅलिनोव्स्की यांचा आग्रह होता, की मिथक समाजात काय काम करते ते पाहा. कानबाईच्या रोटांना दूरगावची भाऊबंदकी एका घरात जमते, तेव्हा तो आग्रह पटतो. एरवी दुपारी ओट्यावर बसवून तीच गाणी म्हणायला लावली तर शब्द मिळतात, पण कोणत्या ओळीला सगळ्या बायका एकदम सूर धरतात ते कळत नाही.

लेखन पूर्ण झाल्यावर ते सांगणाऱ्याला वाचून दाखवावे, आणि छापण्याची परवानगी त्यानंतरच मागावी. साक्रीच्या आजीबाईंना मी दुरुस्त केलेली गोष्ट वाचून दाखवली, तेव्हा त्यांनी मान डोलावली आणि तेल कुठले ते मी विचारलेच नव्हते, हे लक्षात आणून दिले. पुढचा अर्धा तास त्या त्याविषयीच बोलत होत्या.