वाडीची वाट फॉरेस्टनं अडवली तर? निवेदन सोडा, फाईल तयार करा

कर्नाटकात बेळगाव जिल्ह्यातल्या खानापूरच्या जंगलपट्ट्यात, आमगाव, कोंगळा, पास्टोली, गवाळी या बाजूला, पावसाळ्यात पेशंटला खांद्यावरनं न्यायचं हे कुणाला नवीन नाही, साकव वाहून गेला की वाडी तुटली. मग आपण काय करतो, आमदाराला निवेदन, पेपरात फोटो, आणि पुढच्या जूनला परत तेच. निवेदनानं रस्ता होत नाही ओ, फाईलनं होतो.

पहिलं काम म्हणजे वाटेचे तुकडे पाडा. सर्व्हे ऑफिसातनं गावनकाशा काढा, उतारे काढा आणि बघा की वाट कुठं खासगी शेतातनं जाते आणि कुठनं फॉरेस्ट सुरू होतं, कारण दोन्हीला कायदा वेगळा. एकाच अर्जात "रस्ता करून द्या" लिहिलं की प्रत्येक ऑफिस दुसऱ्याकडं बोट दाखवतं.

खासगी तुकड्यावर कुणी कुंपण घातलं तर तहसीलदाराकडं, तो तालुक्याचा मॅजिस्ट्रेट पण असतो, बीएनएसएसच्या, म्हणजे फौजदारी कामकाजाच्या नव्या कायद्याच्या, कलम 166 खाली जाता येतं (जुन्या सीआरपीसीत 147). मारामारी व्हायची भीती आहे हे अर्जात स्पष्ट लिहा. आणि बारमाही वाट असेल तर तहसीलदाराकडं पोलिसांचा रिपोर्ट किंवा माहिती जायच्या आधीच्या 3 महिन्यांत ती वापरात होती हे दाखवावं लागतं, म्हणून "बघू दिवाळीनंतर" करू नका. चंदगडचा पावणा सांगेल 143 खाली अर्ज टाक म्हणून, पण तो महाराष्ट्राचा महसूल कायदा, इकडं चालत नाही.

आता खरं भांडण, फॉरेस्टचं. 2006 च्या वनहक्क कायद्यात कलम 3(2) आहे. त्याखाली फॉरेस्टची जमीन गावाच्या सोयींना देता येते, त्यात शाळा, अंगणवाडी, पाणी यांच्याबरोबर रस्तापण आहे, अट एवढीच की एका कामाला 1 हेक्टरपेक्षा कमी जमीन, हेक्टरी 75 पेक्षा जास्त झाडं तोडायची नाहीत, आणि ग्रामसभेची शिफारस पाहिजे. हिशोब करून बघा, 3 मीटर रुंद रस्ता धरला तर 1 हेक्टरात साधारण 3.3 किलोमीटर बसतो, 5 मीटर धरला तर 2 च. इंजिनिअर सवयीनं रुंद रस्ता काढतो आणि फाईल तिथंच मरते, त्याच्या शेजारी बसून रुंदी कमी करून घ्या.

अर्ज गावानं टाकायचा नाही हेच बऱ्याच जणांना माहीत नसतं. रस्ता सरकारी पाहिजे, म्हणून ज्या खात्याचं काम आहे त्यानं ग्रामसभेचा ठराव जोडून फॉर्म ए आरएफओकडं (फॉरेस्टचा रेंज ऑफिसर) द्यायचा, वैयक्तिक हक्काचा फॉर्म ए वेगळा, गल्लत करू नका. त्याच्या वरच्या डीएफओला (विभागाचा फॉरेस्ट ऑफिसर) पटलं नाही तर विषय डीसींच्या, म्हणजे कलेक्टरच्या, जिल्हा समितीपुढं जातो, तिथं शेवटचा निर्णय. म्हणजे आरएफओ तोंडानं "होत नाही" म्हणाला तर ते उत्तर नव्हे, लिहून मागा.

ठरावाला जपा. पंचायतीची मासिक मीटिंग म्हणजे ग्रामसभा नव्हे. निम्मे सभासद हजर पाहिजेत आणि हजर असलेल्यांत एक तृतीयांश बायका, सह्या-अंगठे त्याच दिवशी घ्या. सर्व्हे नंबर, लांबी, रुंदी, झाडं ठरावातच लिहा.

"तुम्ही एसटी (अनुसूचित जमात) नाही" असंपण ऐकवतात. सिद्दींना आपल्या जिल्ह्यात 2020 च्या कायद्यानं एसटीत घेतलंय, गवळी धनगरांना नाही, पण कायदा इतर पारंपरिक वनवासींनाही आहे, त्यांना 13 डिसेंबर 2005 च्या आधीच्या तीन पिढ्या म्हणजे 75 वर्षं दाखवायची. इकडं 1956 पर्यंत मुंबई राज्य होतं, त्यामुळं जुने कागद मराठीत सापडतात, घरातली ट्रंक उघडा. म्हाताऱ्यांचा जबाबपण पुरावा धरतात.

इकडचं भीमगडचं जंगल 2011 ला अभयारण्य झालं, तिथं अजून एक गाठ आहे. "अभयारण्यात वनहक्क नाही" हे खोटं, कायद्याच्या व्याख्येतच अभयारण्य येतं. पण 3(2) नं बाजूला सारलाय तो 1980 चा वनसंरक्षण कायदा, 1972 च्या वन्यजीव कायद्याचं तिथं नाव नाही, त्यामुळं वन्यजीव कायद्याखालची परवानगी मागतातच, ती मागणी अगोदरच धरून चला.

भाषेचं सांगतो. मी एकदा मराठीत अर्ज दिला, काउंटरवरनं परत. घटनेच्या कलम 350 नं तक्रारीचा अर्ज मराठीत देता येतो, पण भांडत बसण्यापेक्षा सोबत कन्नड प्रत जोडा, वेळ वाचतो. आरटीआय टाकताना इकडं 150 शब्द आणि एकच विषय, फी 10 रुपये.

सगळीकडनं नकार आला तर हायकोर्टाचं धारवाड बेंच. डोंगराळ भागातल्या माणसांना रस्ता हा जगण्याच्या हक्कातच येतो असं सुप्रीम कोर्टानं 1986 ला हिमाचलच्या उमेद राम शर्मा केसमध्ये म्हटलंय, वकिलाला ते सांगा. एसटी आणि बायकांना वकील फुकट मिळतो, खानापूर कोर्टातल्या कायदा सेवा समितीत विचारा. तोपर्यंत एक वही घाला, कुठल्या तारखेला कोण पेशंट, किती किलोमीटर उचलून नेला, गाडीपर्यंत किती वेळ लागला, आणि खाली उचलणाऱ्यांच्या सह्या. आणि रात्रीतनं जेसीबी घालू नका, गुन्हा दाखल झाला की फाईल गेलीच.