स्वप्नातली वस्तू हातात घ्यायची असेल तर

आंद्रे ब्रेतों या फ्रेंच कवीला स्वप्नात, उघड्यावरच्या बाजारात एक पुस्तक सापडलं. पुस्तकाच्या पाठीला लांब पांढऱ्या दाढीचा लाकडी बुटका होता आणि पानं जाड काळ्या लोकरीची. फक्त स्वप्नात दिसलेल्या अशा वस्तू खरोखर बनवून लोकांच्या हाती द्याव्यात, असं त्याने १९२४ मध्ये मांडलं. मी मातीत तेच काम करते, आणि त्याला स्वप्नघडण म्हणते. नव्याने सुरुवात करणाऱ्यांना उपयोगी पडेल ते इथे लिहिते आहे.

आधी झोप. पापण्यांआड डोळे भराभर हलतात ती ‘रेम’ झोप शिकागोत ॲसेरिन्स्की आणि क्लाइटमन यांनी १९५३ मध्ये जगापुढे आणली. ठसठशीत स्वप्नं बहुतेक तेव्हाच पडतात. साधारण दीड-दीड तासाने ती फिरून येते आणि पहाटेकडे तिचा टप्पा लांबत जातो. त्यामुळे मध्यरात्री गजर लावून उठण्यात अर्थ नाही. पोटभर झोपा. सुट्टीच्या दिवशी आपोआप जाग येईल तेव्हा कूस बदलू नका, फोनला हात लावू नका. ज्या अंगावर होतात त्याच अंगावर पडून राहा आणि शेवटचं दृश्य आठवा. त्यामागून त्याच्या आधीचं येतं.

मग लगेच लिहा, आणि वाचता येईल असं लिहा. ऑटो लोवी या शास्त्रज्ञाला एक प्रयोग झोपेत सुचला. त्याने अर्धवट जागेपणी कागदावर खरडलं, पण सकाळी ते अक्षर त्यालाच लागेना. दुसऱ्या रात्री तीनच्या सुमारास तीच कल्पना परत आली, तेव्हा तो उठून थेट प्रयोगशाळेत गेला. बेडकाच्या एका हृदयाचा मज्जातंतू चेतवून ते मंद केलं आणि त्याभोवतीचं द्रावण त्याने दुसऱ्या हृदयाला दिलं, तर तेही मंदावलं. मज्जातंतूंचा निरोप रसायनातून पोचतो हे त्यातून दिसलं. १९२१ मध्ये ते प्रसिद्ध झालं आणि १९३६ मध्ये त्याला नोबेल मिळालं. लोवीचं दैव थोर, स्वप्न परत आलं. आपण त्या भरवशावर राहू नये.

काय लिहायचं, यावर माझं मत ठाम आहे. स्वप्नाचा अर्थ लिहू नका. वस्तू कोणत्या हातात होती, किती जड होती, गार होती का, बोट कुठे अडकलं, कोणती बाजू दिसलीच नाही, एवढं लिहा. शेजारी ओबडधोबड चित्र काढा. स्वप्नातल्या अक्षरांमागे लागू नका; पुन्हा पाहिलं की ती बहुतेकदा बदललेली असतात.

माझ्या वहीतलं एक उदाहरण देते. एक तांब्या, त्याचं तोंड बुडाशी, आणि रिकामा असूनही उचलताना मनगट खाली ओढणारा. मातीत असा आकार करणं अवघड नाही. ते वजन आणणं अवघड. जाड भरीव माती भट्टीत तडकते, कधी फुटते. म्हणून भिंत सगळीकडे करंगळीएवढी ठेवून भांडं पोकळ केलं, भाजून घेतलं आणि मग बुडाच्या तोंडातून वाळू ठासून ते बंद केलं. हातात घेणारा प्रत्येक जण आधी चमकतो. मला स्वप्नातून हवं होतं ते नेमकं तेवढंच.

माप घेताना लक्षात ठेवा, सुकताना आणि भाजताना माती आकसते. मातीप्रमाणे कमीजास्त, पण दहा टक्क्यांच्या आसपास धरा आणि तेवढं मोठं करा. प्लॅस्टिक झाकून सावकाश सुकवा, बंद पोकळीला सुईने भोक ठेवा. टेराकोटा ९०० ते १००० अंश सेल्सिअसला भाजतात. गणपतीची शाडू सहज मिळते, आकार चाचपायला उत्तम, पण भट्टीसाठी ती घेऊ नका.

आणि न दिसलेली बाजू. इथे मोह फार होतो. स्वप्नात तांब्याची मागची बाजू मी पाहिलीच नव्हती. तिथे वेलबुट्टी काढली असती तर वस्तू देखणी झाली असती आणि माझी राहिली असती, स्वप्नाची नाही. ती बाजू मी सपाट, हाताचे ठसे तसेच ठेवून सोडली. बघणारे विचारतात, तेव्हा तिथे काही दिसलं नव्हतं असं सांगते. तुम्हीही तसंच करा, मग काम कितीही अपुरं वाटो.

यासाठी वेगळा अभ्यासक्रम शोधत बसू नका. जवळ भट्टी असलेला मातीकामाचा वर्ग धरा. चाकावर सगळं गोल होतं आणि स्वप्नातल्या वस्तू क्वचितच गोल असतात, म्हणून सुरुवातीला चाक बाजूला ठेवून मातीच्या लांब वळकट्या आणि सपाट पाट्या जोडून बांधायला शिका. पहिली वस्तू तळहातात मावेल अशी निवडा. तिचं वजन लगेच पारखता येतं.