टॉर्क्स बिट निवडताना आकड्यावर विसंबू नका, बसवून पाहा

सहा पाकळ्यांच्या चांदणीसारखी खाच असलेल्या स्क्रूला टॉर्क्स म्हणतात. बिटवरचा, म्हणजे स्क्रूड्रायव्हरला लावायच्या सुट्या टोकावरचा, टी१०, टी१५, टी२० हा आकडा म्हणजे मिलिमीटर नव्हे. तो फक्त मापाचा क्रमांक. टी२० बिटची एका टोकापासून समोरच्या टोकापर्यंतची रुंदी ३.९ मिमीच्या आसपास असते, टी२५ची साधारण ४.५ मिमी. फरक जेमतेम अर्ध्या मिमीचा, आणि घोळ इथेच होतो. एक माप लहान बिटही खाचेत जाते, थोडीफार पकडही घेते. जोर लावला की पाकळ्या घासून गोल होतात. मग तो स्क्रू काढणे म्हणजे डोकेदुखीच.

म्हणून मोठ्या बिटपासून सुरुवात करा आणि एकेक माप खाली या. जी पहिली बिट तळापर्यंत बसेल आणि हलवली तर डुगडुगणार नाही, ती तुमची. खाचेत रंग किंवा माती अडकली असेल तर आधी सुईने कोरून काढा, नाहीतर योग्य बिटही अर्धवटच बसते.

खाचेच्या मधोमध बारीक खुंटी दिसली तर टोकाला भोक असलेली टीआर बिट लागेल. ती साध्या टॉर्क्सलाही चालते, त्यामुळे घ्यायचीच तर हीच घ्यावी. नाजूक असते एवढेच. आयपी लिहिलेली टॉर्क्स प्लस बिट मात्र साध्या टॉर्क्समध्ये शिरत नाही. आणि पाकळ्या पाचच असतील, तर टॉर्क्सचा संच बाजूला ठेवा.